केंगचं वाक्य कुठे संपतं

२६ ऑक्टोबर २०२५, सेंट पॉल

आजपासून रशेस बघायचे; संकलन आणि ध्वनी दोन्ही माझ्याकडे. टेबलावर हार्ड डिस्कचा ढीग आणि फोल्डरांची नावं अशी: ‘अंत्यविधी १’, ‘अंत्यविधी नवीन’, ‘अंत्यविधी खरा’. जगातले सगळे डॉक्युमेंटरीवाले फोल्डरला नाव देताना सारखेच आळशी असतात.

दिग्दर्शिकेचं नाव या वहीत लिहायचं नाही, असं तिनेच बजावलंय. इथल्या ह्मोंग समाजात अठरा कुळं मानतात. आडनाव कळलं की कूळ कळतं, कूळ कळलं की चुलते कळतात, आणि चुलते कळले की फोन सुरू होतात. ती पंचेचाळिशीची. जन्म थायलंडमधल्या बान विनाई निर्वासित छावणीतला, वाढली इथल्या फ्रॉगटाउनमध्ये. वडील गेल्या हिवाळ्यात वारले. फिल्म त्यांच्या अंत्यविधीवर आहे. चार दिवस, रात्रंदिवस चाललेला विधी.

वडील ह्मोंग सेनापती वांग पाओच्या फौजेतले. साठच्या दशकात अमेरिकेने लाओसमध्ये गुपचूप युद्ध चालवलं. पैसा आणि बंदुका सीआयएच्या, मरणारी माणसं ह्मोंग. मे १९७५ मध्ये लाँग चेंगच्या धावपट्टीवरून वांग पाओला विमानाने बाहेर काढलं. सोबत मोजक्यांनाच जागा मिळाली. उरलेले जंगलातून चालत मेकाँगच्या काठी पोचले, आणि बरेच पोचलेच नाहीत. हे इथे लिहून ठेवते, कारण फिल्ममध्ये ते सांगायचं नाही असं ती म्हणते. आमचं घोडं इथेच अडणार.

३० ऑक्टोबर

अडलंच. अनुदान देणाऱ्या समितीचं पत्र आलंय: पहिल्या पाच मिनिटांत ‘ह्मोंग कोण’ हे प्रेक्षकाला स्पष्ट व्हावं.

दिग्दर्शिकेने आपल्या समाजावरच्या जुन्या फिल्म्स एकापाठोपाठ एक लावल्या, फक्त सुरुवाती. लाओसचा नकाशा. नकाशावर सरकणारा बाण. बॉम्ब टाकणारी विमानं, काळ्यापांढऱ्यात. मग ढोल. “माझ्या आयुष्यातली किती मिनिटं मी या बाणाकडे बघत घालवली असतील?” ती म्हणाली. नमनालाच घडाभर तेल, हे मला पटतं. पण मी माझा मुद्दा सोडला नाही. १९६४ ते १९७३ या काळात लाओसवर २० लाख टनांहून जास्त बॉम्ब पडले, हे इथल्या शाळेतल्या पोरांनाही ठाऊक नसतं. सांगायला नको?

“तुमच्या मराठी सिनेमात सातारा कुठे आहे ते नकाशावर दाखवतात?”

“नाही. पण बघणाऱ्याला ते माहीत असतं.”

“माझ्याही.”

म्हणजे तिचा प्रेक्षक आधीच ठरलेला आहे. समितीचा प्रेक्षक वेगळा. पैसे समितीचे.

५ नोव्हेंबर

काल महापौरपदाची निवडणूक झाली. काओली हर निवडून आल्या. सेंट पॉलच्या पहिल्या महिला महापौर, आणि पहिल्या ह्मोंग महापौर. जन्म लाओसचा, लहानपणी निर्वासित म्हणून आलेल्या. दिग्दर्शिकेच्या घरी रात्री उशिरापर्यंत फोन खणखणत होता. तिची आई इंग्रजी बातम्या कधी बघत नाही, ती टीव्हीसमोरून हलली नाही म्हणे.

याच शहरातल्या सुनीसा लीने टोकियो ऑलिम्पिकमध्ये जिम्नॅस्टिक्सचं वैयक्तिक सर्वांगीण सुवर्ण मिळवलं. देशात तीन लाखांहून जास्त ह्मोंग आहेत, आणि एका शहरात इतके एकवटलेत असं सेंट पॉलसारखं दुसरं शहर नाही. तरी समितीला नकाशा हवाय. आज माझाही मुद्दा मला जरा लंगडा वाटला. पूर्ण सोडलेला नाही.

८ नोव्हेंबर

कोमो अ‍ॅव्हेन्यूवरच्या ह्मोंगटाउन बाजारात. पूर्वी इथे लाकडाची वखार होती. आत शिरलं की लाकडी खलबत्त्यात कच्ची पपई, मिरची, लिंबू कुटल्याचा धपधप आवाज. तो मी मोबाइलवर टिपून घेतला, कुठेतरी लागेल. एका गाळ्यात जुन्या डीव्हीडी रचलेल्या, त्यांत हिंदी सिनेमे, ह्मोंगमध्ये डब केलेले. छावणीत असल्यापासून या लोकांना आपल्या सिनेमांची चटक. दुकानदारीण मला बघून हसली आणि नागिणीसारखा हात डोलवून दाखवला. मीही डोलवला. काय करणार?

दिग्दर्शिका मला पा न्दाउच्या गाळ्यावर घेऊन गेली. पा न्दाउ म्हणजे यांचं भरतकाम. पिढ्यान्‌पिढ्या त्यात भौमितिक नक्षी असे. माणसं, विमानं, नदी असं चित्रमय कथाकापड आलं ते छावणीत. पुरुष चित्र काढून देत, बायका भरत. मी एक उलगडून पाहिलं. वरच्या कोपऱ्यात विमान, त्याच्या पोटाखाली काळ्या दोऱ्याचे ठिपके. खाली डोंगर, आणि पाठीवर मूल बांधून चाललेल्या बायका, बोटाच्या पेराएवढ्या. मधून निळी नदी तिरकी गेलेली. नदीत माणसं बांबू काखेत धरून तरंगतायत. पलीकडच्या काठावर टेबल, टेबलामागे गणवेशातला माणूस, समोर रांग. त्या रांगेतल्या प्रत्येकाच्या डोक्यावरचा फेटा वेगळ्या रंगाचा भरलाय. इतक्या बारीक जागी.

कापड मात्र फिक्या निळ्या-बदामी रंगात. ह्मोंग कपडे किती भडक असतात ते मी पाहिलंय. हे रंग कुठून आले? “गिऱ्हाइकाचे,” ती म्हणाली. मदतसंस्थांमार्फत ही कापडं परदेशात विकली जायची. अमेरिकी दिवाणखान्यात गुलाबी-हिरवं शोभेना, म्हणून युद्धही फिक्या रंगात भरलं गेलं.

समितीच्या पत्राबद्दल ती काहीच बोलली नाही. मीही विषय काढला नाही.

१३ नोव्हेंबर

आज केंगवाले काका आले. सत्तरीचे, बुटके, अंगात फुगीर जाकीट. आल्या आल्या बूट काढले आणि माझ्या खुर्चीवर बसले. मी स्टुलावर.

त्यांना बोलवायचं कारण असं. केंग हे तोंडाने वाजवायचं वाद्य: लाकडी भोपळीतून आरपार गेलेल्या सहा बांबूच्या नळ्या. फुंकर मारली तरी वाजतं, श्वास आत ओढला तरी वाजतं. त्यामुळे वाजवणारा थांबतच नाही. बासरीवाला मध्ये श्वास घेतो. संकलकाला कट मारायला तेवढी फट पुरते. केंगच्या वेव्हफॉर्ममध्ये फटच नाही, सलग भिंत. सम कुठेतरी असेल म्हणून मी लयीवर खुणा करून ठेवल्या होत्या. दिग्दर्शिका म्हणाली, थांब, ते नुसतं संगीत नाही, बोलणं आहे.

म्हणजे खरंच बोलणं. ह्मोंग भाषेत स्वराच्या चढउतारावर अर्थ ठरतो, आणि केंग तेच चढउतार उचलतो. अंत्यविधीत केंग मृताशी बोलतो. ते बोलणं ऐकणाऱ्या सगळ्यांना कळतं असंही नाही. तिला कळत नाही. शिकलेल्यांनाच कळतं.

काकांनी हेडफोन घातले, डोळे मिटले, उजव्या हाताचं एक बोट मांडीवर ठेवलं. वाक्य संपलं की बोट उचलायचं, एवढंच ठरलं होतं. बराच वेळ बोट हललंच नाही. माझी लयीची पहिली खूण गेली, दुसरी गेली, तिसरी गेली. मग मला काहीच बदल जाणवला नाही अशा जागी बोट वर आलं. मी मार्कर टाकला. पुन्हा लांबलचक शांतता, पुन्हा बोट. मध्येच एकदा ते स्वतःशी हसले आणि दिग्दर्शिकेला काहीतरी म्हणाले. त्या रात्री वाजवणाऱ्याने एक ओळ गाळली होती, ते त्यांना आत्ता कळलं. वाजवणारा त्यांचाच शिष्य.

दुपारपर्यंत टाइमलाइनवर त्यांच्या खुणा उभ्या होत्या. माझ्या खुणांशी एकही जुळत नव्हती. डबा उघडून दिवाळीची उरलेली चकली दिली. त्यांनी ती नळीसारखी तोंडाला लावून फुंकून पाहिली.

१७ नोव्हेंबर

या फिल्मचा गाभा म्हणजे वाट दाखवण्याचं गाणं. मृताच्या उशाशी बसून जाणकार माणूस ते तासन्‌तास म्हणतो. त्यात आत्म्याला आल्या वाटेने परत न्यायचं असतं. जिथे जिथे राहिला, त्या प्रत्येक ठिकाणचा निरोप घ्यायचा, तिथल्या देवतांचे आभार मानायचे, आणि शेवटी जन्मगावी पोचायचं. तिथे घराच्या जमिनीत त्याची वार पुरलेली असते. तो जन्मवेळचा अंगरखा. तो घातल्याशिवाय पूर्वजांकडे जाता येत नाही. माझी आजी कऱ्हाडकडच्या आपल्या माहेराबद्दल ‘माझी नाळ तिथं पुरलीय’ असं म्हणायची, त्यामुळे मला फार समजावून घ्यावं लागलं नाही.

या गाण्याचं चित्रण नाही. फक्त आवाज आहे. तिच्या थोरल्या चुलत्यांनी कॅमेऱ्याला मनाई केली. गंमत म्हणजे याच चुलत्यांनी पूर्वी एका अंत्यविधीत टीव्हीवाल्यांना आत घेतलं होतं, चांगला दिवा लावून दिला होता. तिने जाब विचारला. चुलते म्हणाले, “त्यांच्या घरी उद्या कोणी आजारी पडलं तर मला कोण विचारणार आहे? तुझ्या घरी पडलं तर सगळं कूळ माझ्या दारात येईल.”

समाजातलाच माणूस कॅमेरा घेऊन गेला की दारं आपोआप उघडतात, असं फेस्टिव्हलच्या चर्चांमध्ये नेहमी ऐकते. उलट असतं. बाहेरच्याने एकदा परवानगी मागितली की भागतं. घरच्याला रोज मागावी लागते. त्यातून ही लेक. ह्मोंग बाई लग्नानंतर आडनाव बापाचंच ठेवते, पण धर्मविधीत ती नवऱ्याच्या कुळाची. बापाच्या अंत्यविधीत निर्णय भाऊ-चुलत्यांचे.

दुसरी अडचण माझी. हे गाणं एरवी घरात म्हणत नाहीत. शिकणारेसुद्धा घराबाहेर जाऊन शिकतात; घरात म्हटलं तर घरातलं कोणी जातं अशी समजूत. आणि मी ते घरात बसून पुढेमागे करून शंभरदा ऐकणार. ती अवघडून म्हणाली, “तुझं घर आहे, तू ठरव.” रात्री साताऱ्याला फोन केला तेव्हा आईला सहज सांगितलं. आई विज्ञानाची निवृत्त शिक्षिका. म्हणाली, “अगं, गरुडपुराण आपण तरी एरवी घरात वाचतो का? हेडफोन लाव आणि गॅरेजमध्ये बस.”

१९ नोव्हेंबर

गॅरेजमध्ये हीटर लावून बसले आहे. बोटं गार पडतात.

२२ नोव्हेंबर

हा ले झिएमची ‘चिल्ड्रन ऑफ द मिस्ट’ दोघींनी पाहिली. उत्तर व्हिएतनामच्या डोंगरातली ह्मोंग मुलगी, सुरुवातीला बारा वर्षांची, आणि तिकडे मुलगी पळवून लग्न लावण्याची चाल. झिएम स्वतः ह्मोंग नाही, ताय या दुसऱ्या अल्पसंख्य जमातीची. २०२१ मध्ये अ‍ॅमस्टरडॅमच्या इडफा महोत्सवात दिग्दर्शनाचं बक्षीस मिळालं. शेवटाकडे मुलीला ओढून नेतात तेव्हा ती कॅमेऱ्यामागच्या दिग्दर्शिकेला नावाने हाक मारते, वाचव म्हणते.

मी ते दृश्य थांबवून पुन्हा पाहिलं. संकलकाची खोड, कट कुठे आहे बघायचं. माझी मैत्रीण उठून स्वयंपाकघरात गेली होती. परत आल्यावर म्हणाली, फिल्म उत्तम आहे. मग म्हणाली, “हे मी केलं असतं तर आधी मला ओढणाऱ्या मुलाच्या आईला काय म्हणून हाक मारायची ते ठरवावं लागलं असतं. ती माझी कोणीतरी लागत असणार.”

‘ग्रॅन टोरिनो’चाही विषय निघाला. २००८ ची, क्लिंट ईस्टवुडची. हॉलिवूडच्या मोठ्या सिनेमात ह्मोंग माणसं प्रथमच मोठ्या भूमिकांत दिसली, म्हणून सगळा समाज थिएटरात गेला. आणि म्हाताऱ्या गोऱ्या नायकाच्या तोंडच्या शिव्यांवर आजूबाजूचे लोक हसत होते, ते त्यांच्यात बसून ऐकलं. त्यात काम केलेल्या बी वांगने पुढे या हसण्याबद्दल जाहीरपणे लिहिलं. माझ्या मैत्रिणीने एवढंच सांगितलं, की तिच्या वडिलांना तो सिनेमा आवडला होता. बंदूक धरायची पद्धत बरोबर होती म्हणे.

२९ नोव्हेंबर

रिव्हरसेंटरमध्ये ह्मोंग नववर्ष. बाहेर हाडं गोठवणारी थंडी, आत हजारो माणसं आणि हजारो नाणी. पोशाखाला, कमरपट्ट्याला, टोपीला नाणी शिवलेली. बाई चालली की छनछन. लेपल माइक लावणं म्हणजे हात दाखवून अवलक्षण. मुलाखत सोडून मी नुसती छनछन रेकॉर्ड केली. जवळून, लांबून, लिफ्टमध्ये.

मुलं-मुली समोरासमोर रांगा करून चेंडू झेलतायत, हल्ली टेनिसचे. एका कुळात लग्न होत नाही, तेव्हा एकाच आडनावाचे दोघे समोरासमोर आले की खसखस पिकते. सगोत्र प्रकरण. स्टेजवर नाचाची स्पर्धा. एका गटाने चक्क बॉलिवूडचा ठेका धरला.

इथे ‘उपेक्षित समाज’ वगैरे शब्द कुणाला सुचणार नाही. सगळे खातायत.

६ डिसेंबर

आज तिला सोमनाथ वाघमारेंची ‘चैत्यभूमी’ दाखवली. मुंबईतल्या बातम्या वर्षानुवर्षं ६ डिसेंबरला दादरची वाहतूक आणि कचरा यांच्यापलीकडे जात नसत. घराघरातून आलेली माणसं तिथे पुस्तकं विकत घेतात, गाणी ऐकतात, हे त्या गर्दीतलाच कोणी कॅमेरा घेऊन उभा राहतो तेव्हा दिसतं. तिने विचारलं, आंबेडकर कोण हे तुमच्या प्रेक्षकाला समजावावं लागतं का? नाही म्हटल्यावर माझ्याकडे बघून नुसत्या भुवया उंचावल्या.

मग गाण्याची फाइल उघडून एक जागा काढली. वाट दाखवणारा म्हणतो: सेंट पॉलचं घर, त्याआधीचं विस्कॉन्सिनमधलं घर, मग बान विनाई, मग मेकाँग, मग डोंगरातली गावं. एकेक, उलट क्रमाने. “हा घे तुझा नकाशा.”

बाणाची गरज नाही, हे मी मान्य केलं. बॉम्बचा आकडा मात्र मला कुठेतरी हवा होता. ती म्हणाली, वडिलांना टनांत विचारलं असतं तर सांगता आलं नसतं. यावर उत्तर नव्हतं, पण पटलं असंही नाही.

गाण्यावर चित्र कोणतं, हेही ठरलं: दिवाणखान्यात नाती-भाच्या बसून सोनेरी-चंदेरी कागदाचे पैसे दुमडतायत, मृताला बरोबर द्यायचे. ढीगच्या ढीग. एक पोर मध्येच मोबाइल बघते, पुन्हा दुमडते. हे शूटिंग तिला कुणाला न विचारता करता आलं, कारण ती त्या वेळी तिथेच दुमडत बसलेली होती, कॅमेरा शेजारच्या पुस्तकांवर.

११ डिसेंबर

एक चांगली मुलाखत गेली. चाळिशीतला माणूस, वडिलांच्या शेजारचा. पोरवयातला एक गुन्हा, शिक्षा भोगून झालेली, पण नागरिकत्व नाही. यंदा अशा काही ह्मोंग माणसांना लाओसला पाठवून दिलंय. त्यांच्यातले काही थायलंडच्या छावणीत जन्मलेले, लाओस त्यांनी डोळ्यांनी पाहिलेला नाही. या गृहस्थाने फिल्ममधून काढा असं म्हटलेलंच नाही. तिनेच काढलं. मी म्हटलं, चेहरा धूसर करू, आवाज बदलू. “आवाज बदललास तरी त्याचे विनोद ओळखतील.”

दिग्दर्शिकेच्या मावशीचं रडणंही फिल्ममधून गेलं. २०१२ साली रेडिओलॅब या कार्यक्रमाने ‘पिवळ्या पावसा’वर भाग केला होता. ह्मोंग गावांवर रासायनिक विष पडलं की ती मधमाश्यांची विष्ठा होती, हा वाद. लेखिका काओ कालिया यांग आपल्या काकांसाठी दुभाषी म्हणून बसल्या होत्या. कार्यक्रमवाले पुरावा काय, पुरावा काय असं विचारत गेले, शेवटी त्या रडल्या आणि मुलाखत थांबवली. ते रडणं प्रसारित झालं. सूत्रसंचालकाने पुढे माफी मागितली. मी ध्वनीचं काम करते. असा टेप हाताशी आला की तो ठेवण्याचा मोह किती असतो मला माहीत आहे.

२० डिसेंबर

वडीलधाऱ्यांना रफ कट दाखवला. गाणं असल्यामुळे कुणाच्या घरी दाखवता येईना, म्हणून भाड्याचा हॉल. पुढच्या रांगेत चुलते, मागे बायका, जेवणाची भांडी सर्वांत मागे. बोलू नका असं सांगणं म्हणजे पालथ्या घड्यावर पाणी. पडद्यावर कोण दिसतं ते प्रत्येक जण मोठ्याने सांगत होता.

गाणं सुरू झालं तसे सगळे गप्प झाले. मेकाँगपर्यंत ऐकलं. गावांची नावं सुरू झाली तेव्हा थोरल्या चुलत्यांनी हात वर केला. बंद करा. इथून पुढे पूर्वजांकडची वाट, ती माणूस मेल्यावरच म्हणायची. नदीपर्यंत ठेवा, पुढचं काढा. तिने वाद घातला नाही, मला वाटलं होतं घालेल. फक्त विचारलं, नदीनंतर केंग ठेवला तर चालेल का? चुलत्यांनी केंगवाल्या काकांकडे पाहिलं. काका म्हणाले, कुठलं वाक्य आहे त्यावर अवलंबून.

बाकीच्या सूचना: थोरल्या मुलाला जास्त वेळ दाखवा, गायीचं मांस कापतानाचा सीन छोटा करा, अमेरिकन लोक घाबरतात, श्रेयनामावलीत स्वयंपाक केलेल्या सगळ्या बायकांची नावं हवीत. शेवटची सूचना दिग्दर्शिकेच्या आईची. ती यादी चुलत्यांच्या यादीपेक्षा लांब होणार आहे.

म्हणजे शेवटची साडेतीन मिनिटं गेली. सोमवारी काका येऊन नव्या शेवटासाठी वाक्य शोधून देतील. तिने समितीला मुदतवाढीचं पत्र लिहिलंय, मी शुद्धलेखन तपासलं. कारण म्हणून ‘ध्वनीचं काम बाकी’ एवढंच आहे. नकाशाचा उल्लेख नाही.